अस्तंबा ऋषी : सातपुड्यातल्या अश्वत्थाम्याची पार्श्वभूमी

दिवाळी तोंडावर आली की तळोदा-शहादा भागातून माणसांचे जथे सातपुड्याकडे निघतात. नंदुरबार जिल्ह्यातल्या अक्राणी तालुक्यात, धडगावच्या अंगाला, १३२५ मीटर उंचीचा अस्तंबा डोंगर आहे. धनत्रयोदशीच्या सुमारास तिथे यात्रा भरते. महाराष्ट्राबरोबरच गुजरात आणि मध्य प्रदेशातूनही लोक येतात. श्रद्धा अशी, की द्रोणाचार्यांचा मुलगा अश्वत्थामा या डोंगरात अजून फिरतो आहे. अस्तंबा ऋषी म्हणतात तो हाच. त्याच्या कपाळावरची जखम भळभळते, तिच्यावर लावायला तो वाटसरूंकडे तेल मागतो आणि वाट चुकलेल्याला वाटेला लावून दिसेनासा होतो.

जुन्या खानदेशाच्या दुसऱ्या टोकाला, बुऱ्हाणपूरजवळच्या असीरगडावरही हाच अश्वत्थामा भेटतो. तिथे तो पहाटे सगळ्यांच्या आधी महादेवाला फूल वाहून जातो, असं सांगतात. फारुकी सुलतानांचा हा गड १६०१ साली अकबराच्या हाती पडला. आज तो मध्य प्रदेशात आहे, पण कथेला राज्याची सीमा लागत नाही.

खानदेशात महाभारत-रामायणाच्या खुणा पुष्कळ. एरंडोल म्हणजे एकचक्रानगरी, तिथला पांडववाडा, जवळच्या पद्मालयाला भीमाने बकासुर मारला, चोपडा तालुक्यातल्या उनपदेवचा गरम झरा रामाच्या बाणाने फुटला. या कथा समोर दिसणाऱ्या एखाद्या गोष्टीचं कारण सांगतात. झरा गरम का, वाडा कुणाचा. अश्वत्थाम्याची कथा असं कसलंच कारण सांगत नाही. तिच्यातला माणूस मेला नाही, म्हणून ती संपली नाही. आजही कुणी ‘मला भेटला’ असं म्हणू शकतो, ते याचमुळे. तिचं बळ ओळखायचं तर ती कोणकोणत्या तुकड्यांतून जुळली ते पाहावं लागतं, कारण आज आपण जी एकसंध कथा सांगतो ती कुठल्याही एका संस्कृत ग्रंथात सापडत नाही.

पहिला आणि सर्वांत जुना तुकडा महाभारताच्या दहाव्या, म्हणजे सौप्तिक पर्वातला. पर्व लहान आहे, अठरा अध्यायांचं. दुर्योधन मांडी फुटून पडलेला. अश्वत्थामा, कृप आणि कृतवर्मा वडाखाली थांबलेले. झोपलेल्या कावळ्यांना एक घुबड मारताना अश्वत्थामा पाहतो आणि त्याच रात्री पांडवांच्या छावणीत शिरून धृष्टद्युम्न, शिखंडी आणि द्रौपदीचे पाचही मुलगे मारतो. पुढे पाठलाग झाल्यावर तो गवताच्या काडीवर अस्त्र मंत्रून सोडतो आणि ते अभिमन्यूची विधवा उत्तरा हिच्या गर्भावर वळवतो. तेव्हा कृष्ण शाप देतो : तीन हजार वर्षं तू या पृथ्वीवर एकटा भटकशील, तुझ्याशी कुणी बोलणार नाही, पू आणि रक्ताचा वास अंगाला येईल, सगळ्या व्याधी जडतील, आणि राहशील ‘दुर्गकांतारा’त, म्हणजे जिथे पाय ठेवणं कठीण अशा रानात.

इथे मण्याकडे नीट पाहायला हवं. अश्वत्थाम्याच्या मस्तकावरचा मणी धारण करणाऱ्याला शस्त्राचं, रोगाचं आणि भुकेचं भय नसे. पाठलागानंतर तो त्याला पांडवांना द्यावा लागला. मणी गेला म्हणजे ते कवच गेलं, मग व्याधी येणारच. शापातला रोग आणि मण्याचं जाणं यांचा धागा असा आतून जुळतो. पण महाभारतात अश्वत्थामा मणी स्वतः काढून देतो आणि खिन्न मनाने सगळ्यांदेखत रानात निघून जातो. कपाळ चिरल्याचा उल्लेख तिथे नाही.

चिरण्याच्या जवळ जाणारा तुकडा भागवताच्या पहिल्या स्कंधातल्या सातव्या अध्यायात आहे. तिथे अर्जुन त्याला बांधून द्रौपदीपुढे आणतो. गुरुपुत्र आहे, त्याच्या आईने माझ्यासारखं रडू नये, त्याला सोडा, असं द्रौपदी म्हणते. मग अर्जुन तलवारीने त्याचा मणी केसांसकट उतरवतो आणि त्याला हाकलून देतो. तिथे शस्त्र आहे, पण तीन हजार वर्षांचा शाप नाही. एका ग्रंथातला शाप आणि दुसऱ्यातली तलवार लोकांनी एकत्र केली तेव्हा कपाळावरची न भरणारी जखम तयार झाली. द्रौपदीचं ते बोलणं मात्र आपल्या सांगण्यातून बहुतेक गळलं. पाच मुलं गमावलेल्या बाईच्या तोंडचं ते वाक्य या कथेतलं सर्वांत मोठं वाक्य आहे, आणि ते विसरलं जावं याची हळहळ वाटते.

तिसरा तुकडा ‘अश्वत्थामा बलिर्व्यासो’ या श्लोकाचा. मराठी घरांत वाढदिवसाला सात चिरंजीवांचं स्मरण करतात, त्यात पहिलं नाव याचंच. शापाला मुदत होती, या श्लोकाने ती काढून टाकली. हिशेब करून पाहा. परंपरेप्रमाणे कलियुगाचा आरंभ इ.स.पू. ३१०२ मधला आणि युद्ध त्याच्या ३६ वर्षं आधीचं. म्हणजे युद्ध इ.स.पू. ३१३८ च्या आसपास. त्यात तीन हजार मिळवले तर शाप इ.स.पू. दुसऱ्या शतकातच संपतो. ‘कलियुगाच्या अंतापर्यंत फिरेल’ किंवा ‘पाच हजार वर्षांपासून शाप भोगतोय’ अशी वाक्यं मोबाइलवर फिरतात, ती शाप आणि चिरंजीवपण यांची गल्लत करतात. शापित असणं वेगळं, चिरंजीव असणं वेगळं.

मग खुनी आणि शापित माणसाला आपल्याकडे ‘ऋषी’ का म्हणतात? नवख्या माणसाला हे खटकतं. याला पुराणात आधार सापडतो. भागवताच्या आठव्या स्कंधात पुढच्या, म्हणजे सावर्णी मन्वंतराच्या (सावर्णी मनूच्या कालखंडाच्या) सप्तर्षींची यादी आहे. त्यात परशुराम, कृप आणि व्यास यांच्या बरोबरीने द्रोणपुत्राचं नाव आहे. डोंगरातल्या भक्तांनी तो श्लोक वाचून नाव ठेवलं असं मी म्हणणार नाही. डोंगरात राहणारा, एकटा, वाट दाखवणारा म्हणजे ऋषी, एवढंही त्यांना पुरेसं असेल.

चौथा तुकडा तेलाचा, आणि तो सगळा लोकांचा आहे. सौप्तिक पर्वात तेल नाही, भागवताच्या त्या अध्यायातही नाही. नर्मदेची परिक्रमा करणाऱ्यांतही हीच आठवण सांगितली जाते : उंच माणूस, डोक्याला फडकं, मागणं फक्त तेलाचं. जखमेला तेल-हळद लावणं हा घरोघरचा उपाय. शापाने ज्याच्याशी बोलायचंही नाही असं ठरवलं, त्याला लोकांनी घरातली तेलाची वाटी पुढे केली. कृष्णाचा शाप मोडला नाही, फक्त त्याची धग कमी केली. या कथेत खानदेशाने आणि नर्मदाकाठाने घातलेली खरी भर हीच, असं माझं मत आहे.

आता अस्तंबा हे नाव अश्वत्थाम्यावरून कसं आलं ते. अश्वत्थामा या नावाची फोड महाभारतच देतं : जन्मताच तो घोड्यासारखा खिंकाळला, म्हणून अश्व आणि स्थाम, म्हणजे जोर. प्राकृतात ‘श्व’चा ‘स्स’ होतो, पालीत अश्वत्थ वृक्षाला अस्सत्थ म्हणतात. तेव्हा अश्वत्थामा ते अस्तामा हा प्रवास सरळ आहे. शेवटच्या ‘मा’चा ‘बा’ कसा झाला हे तितकं सोपं नाही. आम्रचा आंबा, ताम्रचं तांबं होतं, पण तिथे ‘म’ला ‘र’ जोडलेला आहे. इथे तो नाही, म्हणून हा दाखला अर्ध्यावरच थांबतो. छापील नकाशांत आणि स्पर्धापरीक्षांच्या पुस्तकांत ‘अस्तंभा’ असं येतं. त्यावरून स्तंभाशी नातं जोडायचा मोह होतो, तो टाळलेला बरा.

डोंगर कथेच्या आधीचा आहे, हेही विसरू नये. अक्राणी हा भिल्ल आणि पावरा लोकांचा मुलूख. याहा मोगी, राजा पांठा ही त्यांची दैवतं कुठल्या महाकाव्यातून आलेली नाहीत, आणि डोंगराला देव मानायला त्यांना अश्वत्थाम्याची गरज नव्हती. महाभारत इथे आलं तेव्हा त्याला ‘दुर्गकांतार’ आयतं मिळालं. यात्रेचा काळही हेच सुचवतो. गीता जयंती मार्गशीर्ष शुद्ध एकादशीला, म्हणजे परंपरेने युद्ध मार्गशीर्षातलं, आणि अश्वत्थाम्याची ती रात्र त्यानंतरची. यात्रा मात्र आश्विनाच्या शेवटी भरते. पाऊस थांबलेला, ओढे उतरलेले, खरिपाचं पीक हाताशी आलेलं. ही तिथी पोथीपेक्षा शेताशी जास्त जुळते.

आजच्या मनातलं चित्र पक्कं केलं ते दूरदर्शनने. १९८८ ते १९९० या काळात रविवारी सकाळी महाभारत लागायचं, आणि २०२० च्या टाळेबंदीत ते पुन्हा दाखवलं गेलं. चार तुकड्यांची कथा तोवर तोंडोतोंडी गावागणिक बदलत होती. पडद्याने तिला एकच चेहरा दिला. मराठीत ‘अश्वत्थाम्याची जखम’ हा शब्दप्रयोग फाळणीपासून विस्थापनापर्यंत कशालाही लावला जातो, पण त्यात तेल देणारा हात कुठे नसतो. त्यापुढचं काम मोबाइलने केलं : अंगाला पट्ट्या बांधलेला कुणी आजारी वाटसरू दिसला की त्याची चित्रफीत ‘अश्वत्थामा सापडला’ म्हणून फिरते. असीरगडावर पहाटे ताजं फूल दिसलं तर त्यातून एवढंच कळतं, की आधी कुणीतरी येऊन गेलं. श्रद्धेला पुरावा लागत नाही. पण आजारी माणसाला पुरावा म्हणून दाखवू नये, त्याला दवाखान्यात न्यावं.

यात्रेला जाणाऱ्यांसाठी थोडं. चढ बराचसा रात्रीचा असतो आणि अमावास्या जवळ असल्याने चांदण्याचा भरवसा नाही. म्हणून दोघांत एक तरी बॅटरी जास्तीची ठेवावी. या दिवसांत उतारावरचं गवत वाळून पडलेलं असतं, त्यावर रबरी चप्पल हमखास घसरते, आणि चढताना नव्हे, उतरताना. परतीला लोक दमलेले, जागलेले असतात. तशात उघड्या पिकअपमध्ये दाटीने उभं राहून चांदसैली घाट उतरणं सर्वांत धोक्याचं. चालक रात्रभर झोपलेला आहे का, हे आधी विचारावं. आणि तेल नेलंच तर ते वाटीत किंवा दिव्यात घालावं, वाटेवरच्या खडकावर ओतू नये. अंधारात मागून येणाऱ्याचा पाय नेमका त्यावरच पडतो.