ट्रकच्या भाड्यात नेमकं काय काय असतं?

आमच्या ग्राहकांसाठी माहितीपत्रक

"अंतर तेवढंच, माल तेवढाच, मग मागच्या महिन्यापेक्षा भाडं जास्त का?" आमच्या बुकिंगच्या टेबलावर हा प्रश्न रोज येतो. प्रश्न रास्त आहे, पण गाडी भरायच्या घाईत फोनवर त्याचं धड उत्तर देता येत नाही. म्हणून हा कागद.

देशातला सुमारे ७० टक्के माल रस्त्याने जातो. टनामागे रेल्वे स्वस्त पडते, हे आम्ही ट्रान्सपोर्टवालेसुद्धा मान्य करतो. कोळसा, सिमेंट, खत तिनेच न्यावं. पण मालगाडीची एक रेक (डब्यांची पूर्ण गाडी) भरायला अडीच हजार टनांच्या आसपास माल लागतो आणि नाशिकच्या सातपूर औद्योगिक वसाहतीतल्या कारखानदाराकडे आज निघायला तयार असतं चार टन कास्टिंग (ओतीव भाग). तेही त्याच्या दारातून उचलून समोरच्याच्या दारात उतरवायचं. हे काम ट्रकचंच. त्यातल्या बहुतेक गाड्या मोठ्या कंपन्यांच्या नाहीत, दोन-चार गाड्या बाळगणाऱ्या मालकांच्या आहेत. या गाड्या थांबल्या की सगळंच अडतं. १ जानेवारी २०२४ ला हिट अँड रनच्या, म्हणजे अपघात करून पळून जाणाऱ्या चालकाच्या शिक्षेच्या, नव्या तरतुदीविरोधात चालकांनी स्टिअरिंग सोडलं, तेव्हा मनमाडजवळच्या पानेवाडीहून इंधनाचे टँकर निघेनात आणि पेट्रोल पंपांवर रांगा लागल्या. दुसऱ्या दिवशी रात्री चर्चेतून तोडगा निघाला. पुढे १ जुलै २०२४ ला ती तरतूद असलेला नवा कायदा, भारतीय न्याय संहिता, लागू झाला, तेव्हाही ती तरतूद बाजूला ठेवावी लागली.

आता हिशेब. नाशिक ते नागपूर साधारण ६०० किलोमीटर. भरलेली दहा टायरची गाडी लिटरला चारच्या आसपास चालते, म्हणजे एका बाजूला १५० लिटर डिझेल. लिटरमागे दोन रुपये वाढले की ३०० रुपये तिथेच वाढले. त्यावर टोल, चालकाचा भत्ता, टायरची झीज, विमा आणि बँकेचा हप्ता. नागपूरहून परतीचा माल मिळतो, त्यामुळे तिकडचा दर आवरता येतो. कुडाळ-सावंतवाडीकडे गाडी गेली की आंब्याचा हंगाम सोडला तर बऱ्याचदा रिकामी फिरते आणि परतीचं डिझेल जातानाच्या भाड्यातच धरावं लागतं. फेब्रुवारी-मार्चमध्ये द्राक्ष, कांदा आणि कारखान्यांची वर्षअखेर एकदम येते. गाड्या तेवढ्याच, मागणारे दुप्पट. दर चढतो तो यामुळे, आमच्या मनाने नाही.

पण या सगळ्याहून महाग पडतं ते गाडीचं उभं राहणं.

पूर्वी हा वेळ नाक्यांवर जायचा. मुलुंडला जकातीच्या रांगेत रात्र काढलेले चालक अजून आमच्याकडे आहेत. १ जुलै २०१७ ला जीएसटी आला आणि मुंबईची जकातही गेली. फेब्रुवारी २०२१ पासून फास्टॅग सक्तीचा झाला. रस्त्यावरचा वेळ खरंच वाचला. खरं सांगायचं तर तो वाचलेला वेळ आता गोदामांच्या गेटवर जातो. गाडी सकाळी नऊला लागते, बिल दुपारी तयार होतं, माथाडी दुसऱ्या गाडीवर असतात, सुपरवायझर जेवायला गेलेला असतो. संध्याकाळी गाडी निघते, म्हणजे एक दिवस गेला. हप्ता मात्र त्या दिवसाचाही भरावाच लागतो. म्हणून भरायला सहा तास आणि उतरवायला सहा तास आम्ही काही लावत नाही, त्यापुढे हॉल्टिंग, म्हणजे गाडी उभी ठेवल्याचा आकार, लागतं. आदल्या दिवशी बिल आणि माल तयार ठेवलात तर हा खर्च शून्यावर येतो, आणि अशा ग्राहकाला गाडीही आधी मिळते. हे आम्ही लपवत नाही.

ई-वे बिलाचंही (माल नेताना लागणारा जीएसटीचा ऑनलाइन दाखला) तसंच. २०० किलोमीटरला एक दिवस अशी त्याची मुदत असते आणि भाग ब मध्ये गाडी नंबर टाकला की ती सुरू होते. गाडी भरायच्या आधीच नंबर टाकून मोकळं होऊ नका. मुदत संपत आली किंवा संपली, तर संपण्याच्या आठ तास आधी ते आठ तास नंतर एवढ्यातच ती वाढवता येते. तेवढ्यात आम्हाला कळवा.

"अजून दोन टन घाला, कोण बघतंय" हे कृपया म्हणू नका. दहा टायर गाडीचं मालासकट एकूण वजन २०१८ मध्ये २५ वरून २८.५ टन झालं, तेवढी सवलत पुरे आहे. मोटार वाहन कायद्याच्या २०१९ च्या दुरुस्तीप्रमाणे जादा वजनाला २०,००० रुपये आणि वर प्रत्येक टनाला २,००० असा दंड कायद्यात आहे. शिवाय जादा माल तिथेच उतरवून घेतात, आणि तो घाटात उतरवला तर आणायला दुसरी गाडी लागते.

शेवटचं, पण बिल्टी (माल बुक केल्याची पावती) हातात घेण्याआधी वाचा. रस्ते मालवाहतुकीच्या २००७ च्या कायद्याखालील नियमांनुसार माल गहाळ झाला किंवा खराब झाला तर आमची जबाबदारी भाड्याच्या दहा पटीपर्यंतच असते. भाडं ६,००० असेल तर ६०,००० रुपये. माल पाच लाखांचा असेल तर बुकिंगच्या वेळीच जास्त किंमत जाहीर करून तशी नोंद करून घ्या, किंवा स्वतःचा ट्रान्झिट विमा (वाटेतल्या नुकसानीचा विमा) काढा. आमच्या मते विमाच बरा, स्वस्त पडतो. माल उतरवताना पेटी फुटलेली किंवा नग कमी दिसला तर पोच पावतीवर चालकासमोर लिहा आणि फोटो काढा. दाव्याची लेखी नोटीस बुकिंगच्या तारखेपासून १८० दिवसांच्या आत आमच्या कार्यालयात पोहोचली पाहिजे. व्हॉट्सअॅपवरच्या मेसेजवर विसंबू नका, कागदावर द्या आणि आमचा शिक्का घ्या.