तपास कुणाच्या हाती? तपास अधिकारी बदलण्याच्या मागणीची पार्श्वभूमी

२२ एप्रिल २०२० रोजी नागपूरच्या सदर पोलीस ठाण्यात एक गुन्हा दाखल झाला. फिर्यादी तेव्हाचे ऊर्जामंत्री नितीन राऊत, आरोपी पत्रकार अर्णब गोस्वामी. दोनच दिवसांत सर्वोच्च न्यायालयाने तो गुन्हा मुंबईच्या ना. म. जोशी मार्ग ठाण्याकडे वर्ग केला. मग गोस्वामींनी मुंबई पोलीसही नकोत, सीबीआयला द्या, अशी मागणी केली. १९ मे रोजी ती फेटाळली गेली. ठाणे बदलले, यंत्रणा बदलली नाही. आपला तपास कुणी करावा हे आरोपीने ठरवायचे नसते, असे न्यायालयाने सांगितले. २०१८ मध्ये भीमा कोरेगाव प्रकरणातही बहुमताचा निकाल हाच होता. त्यातल्या काही अटका नागपुरातून झाल्या होत्या.

या भूमिकेचे मूळ लाहोरच्या एका खटल्यात आहे. १९४४ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे ब्रिटिश काळात भारतातली अपिले ऐकणाऱ्या लंडनच्या सर्वोच्च न्यायपीठाने, ख्वाजा नझीर अहमद प्रकरणात बजावले की तपास हा पोलिसांचा प्रांत, निवाडा न्यायालयाचा. एकाने दुसऱ्याच्या हद्दीत शिरू नये. तेव्हा नागपूरला स्वतःचे उच्च न्यायालय होते, १९३६ पासूनचे. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत ते गेले आणि सिव्हिल लाइन्समधल्या त्याच इमारतीत मुंबई उच्च न्यायालयाचे खंडपीठ बसू लागले. राज्य बदलले, राज्यघटना आली, पण लंडनहून आलेले ते सूत्र काही हलले नाही. १९६७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याच धर्तीवर सांगितले की पोलिसांनी गुन्हा बनत नाही असा अहवाल दिला, तरी आरोपपत्रच दाखल करा असा हुकूम दंडाधिकाऱ्याला सोडता येत नाही.

भिंतीला तडे नंतर गेले. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत अहवाल दिल्यानंतरही पुढील तपास करण्याची तरतूद आली. नव्वदच्या दशकात हवाला प्रकरणात न्यायालयानेच तपासावर लक्ष ठेवले. फेब्रुवारी २०१० मध्ये पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ठरवले की राज्याची संमती नसली तरी उच्च न्यायालय तपास सीबीआयकडे देऊ शकते, मात्र क्वचित आणि अपवाद म्हणूनच.

पण सीबीआय ही मोठ्या माणसांची मागणी. नागपुरातल्या साध्या फिर्यादीचे म्हणणे एवढेच असते की या पीआयकडून (पोलीस निरीक्षकाकडून) काढून गुन्हे शाखेला द्या, नाहीतर निदान दुसरा आयओ, म्हणजे तपास अधिकारी, नेमा. हा माणूस सहसा ‘बी समरी’च्या धास्तीने वकिलाकडे येतो. महाराष्ट्रात पोलीस तपास बंद करताना अहवालाला अक्षर लावतात: ए म्हणजे गुन्हा खरा पण छडा लागला नाही, बी म्हणजे फिर्याद जाणूनबुजून खोटी, सी म्हणजे गैरसमजातून आलेली किंवा दिवाणी स्वरूपाची. बी लागले की फिर्यादीच गोत्यात येऊ शकतो. म्हणून अहवाल जाण्याआधीच अधिकारी बदलून घेण्याची धडपड, आणि त्यासाठी थेट खंडपीठात फौजदारी रिट, म्हणजे पोलिसांना आदेश द्या अशी उच्च न्यायालयाकडे याचिका.

हीच वाट सर्वोच्च न्यायालयाने अडवली. डिसेंबर २००७ च्या साकिरी वासू निकालात आधी वरिष्ठ पोलिसांकडे, मग फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १५६(३) खाली, म्हणजे पोलिसांना तपासाचा आदेश देण्याच्या अधिकाराखाली, दंडाधिकाऱ्याकडे जा, असे सांगितले. महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात २०१० मध्ये त्यात भर पडली: तपास नीट होण्यासाठी गरज वाटल्यास दंडाधिकारी तपास अधिकारी बदलण्याची शिफारसही करू शकतो. शिफारस, आदेश नव्हे. ती जाते वरिष्ठ पोलीस अधिकाऱ्यांकडेच; नागपूर शहरात आयुक्तालय आहे, ग्रामीणला अधीक्षक. ज्या खात्याविरुद्ध गाऱ्हाणे, त्याच्याच दारात परत. माझ्या मते या व्यवस्थेतला सगळ्यात कच्चा दुवा हाच. खंडपीठांवरचा रिटांचा भार कमी करण्याचा हेतू समजतो, पण भार हलका झाला तो न्यायालयाचा, फिर्यादीचा नाही.

तरीही एखादे रिट खंडपीठाने ऐकून घेतलेच, तर बरेचसे केस डायरीवर ठरते. तपासात रोज काय केले याची ही नोंद. ती बांधलेली आणि पानांना क्रमांक घातलेली असावी, अशी दुरुस्ती कायद्यात २००८ मध्ये झाली. सुटी पाने मागाहून सरकवता येऊ नयेत म्हणून. न्यायालय ती मागवून वाचू शकते. आरोपीला ती मागता येत नाही.

न्यायालयाविनाही तपास हलतो, हे विदर्भाने २००६ मध्ये पाहिले. भंडारा जिल्ह्यातल्या खैरलांजी हत्याकांडाचा तपास स्थानिक पोलिसांकडून सीआयडीकडे आणि तिथून सीबीआयकडे गेला, तो रस्त्यावरच्या निदर्शनांनंतर. अ‍ॅट्रॉसिटीच्या गुन्ह्यात तर मूळ नियमच असा की तपास उपअधीक्षकापेक्षा खालच्या दर्जाच्या अधिकाऱ्याने करू नये. तिथे अधिकारी कोण हा मर्जीचा नव्हे, नियमाचा प्रश्न होतो आणि वकिलाच्या हाती मुद्दा येतो.

१ जुलै २०२४ पासून १५६(३) ची जागा भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७५(३) ने घेतली आहे. अर्जासोबत आता शपथपत्र लागते, आणि दंडाधिकाऱ्याने आदेश देण्याआधी पोलीस अधिकाऱ्याचे म्हणणेही विचारात घ्यायचे आहे.