पुन्हा तोच रेडा, पुन्हा तेच वेद

जुने अद्भुत चित्रपट नव्याने काढावेत का, असा विषय निघाला की 'मूळ ते मूळ' म्हणणारे हमखास भेटतात. पण मूळ कोणतं, इथंच घोडं अडतं. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ चा. १९१७ मध्ये फाळक्यांनी स्वतःच तो पुन्हा चित्रित केला. आज पहिला भारतीय चित्रपट म्हणून जी थोडी रिळं दाखवतात, ती या दुसऱ्या खेपेची असावीत, असं काही अभ्यासकांचं मत आहे. म्हणजे आपण ज्याला मूळ समजून हात जोडतो, तीच कदाचित पुनर्निर्मिती आहे. पुढं १९३२ मध्ये प्रभात फिल्म कंपनीने मराठीतला पहिला बोलपट काढला, तो 'अयोध्येचा राजा'. कथा पुन्हा हरिश्चंद्राचीच.

'आलम आरा'ची गत याहून वाईट. १९३१ चा हा पहिला भारतीय बोलपट राजा, दोन राण्या आणि फकिराच्या भविष्यवाणीचा. त्याची एकही प्रत उरलेली नाही. नानूभाई वकिलांनी तो विषय १९४२, १९५६ आणि १९७३ असा तीनदा काढला.

मराठवाड्यात या चित्रपटांना तयार कान होते. १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत हा मुलूख निजामाच्या राज्यात. कचेरीत उर्दू, शाळेत उर्दू. त्यामुळे हातिमताई, अलिबाबा, गुल-बकावली ही नावं इथल्या जुन्या माणसांना परकी नव्हती. एकीकडं हे दास्तानांचं, म्हणजे उर्दूतल्या अद्भुत गोष्टींचं जग, दुसरीकडं पोथी, भारूड आणि कीर्तन. दोन्हींकडं गोष्ट तीच असते, सांगणारा बदलतो. तीच गोष्ट पुन्हा सांगितली म्हणून कीर्तनकाराला कुणी जाब विचारत नाही. रंगली नाही तर मात्र लोक उठून जातात.

चित्रपट यायचा तो तंबूतून. माळेगावच्या खंडोबाची जत्रा असो की एखादा आठवडी बाजार, टुरिंग टॉकीजवाले कनाती ठोकायचे, भोंग्यावर गाणी लावायचे. खाली जमिनीवर बसायचं, रीळ बदलेपर्यंत अंधारात शिट्ट्या मारायच्या. तंबू उठला की चित्रपटही गेला. तोच पुढच्या वर्षी येईल याचा भरवसा नाही. होमी वाडियांचा 'हातिमताई' १९५६ मध्ये आला, तेव्हा १९३० च्या दशकातल्या हातिमशी त्याची तुलना करायला तो जुना हातिम पुन्हा बघायला मिळणार होता कुठं? नवा चित्रपट हीच जुनी गोष्ट परत पाहण्याची वाट होती.

१९९० मध्ये हातिमताई पुन्हा आला, जितेंद्रला घेऊन. दिग्दर्शक बाबूभाई मिस्त्री. या माणसाने १९३७ च्या 'ख्वाब की दुनिया'मध्ये काळ्या दोऱ्यांनी वस्तू हवेत तरंगवून अदृश्य माणूस उभा केला होता. त्यावरून त्यांना 'काला धागा' हेच नाव पडलं. माझ्या मते सगळा वाद या धाग्यापाशी येऊन थांबतो. लोकांचा जीव कथेपेक्षा करामतीवर जडलेला असतो. धागा दिसला तरी चालतो, पण तो कुणाच्या तरी हातात आहे हे जाणवावं लागतं.

मूळ प्रतीबद्दलची माया खरी वाढली ती दूरदर्शन आणि व्हिडिओ घरोघरी आल्यावर. चित्रपट मुक्कामाला आला. आवाज, चेहरे, चुका, सगळं पाठ झालं. १९८७ ची रामानंद सागरांची 'रामायण' मालिका २०२० च्या टाळेबंदीत पुन्हा लावली, तर नातवंडांना शेजारी बसवून लोकांनी ती पाहिली. तिचीच नवी आवृत्ती २००८ मध्ये त्याच घराण्याने काढली होती. ती किती जणांच्या लक्षात आहे? २०२३ च्या 'आदिपुरुष'चे संवाद तर प्रदर्शनानंतर बदलावे लागले.

'झपाटलेला'चंही असंच. १९९३ च्या या चित्रपटाची कल्पना एका अमेरिकी बाहुल्यापटावरून सुचलेली, हे आता लपलेलं नाही. पण लातूर-नांदेडच्या पोरांचा तात्या विंचू रामदास पाध्यांच्या बोटांवर हललेला, आणि लक्ष्मीकांत बेर्डे त्याला खरोखर घाबरलेला. २०१३ मध्ये दुसरा भाग थ्रीडीत आला. तात्या अंगावर आला, पण लक्ष्या नव्हता.

संतपटांचं वेगळं आहे. १९३६ च्या 'संत तुकाराम'च्या शेवटी तुकोबा विमानातून वैकुंठाला जातात आणि बायको खाली संसारात उरते. २०१२ मध्ये त्याच विषयाला चंद्रकांत कुलकर्णींनी हात घातला. हे दिग्दर्शक औरंगाबादच्या, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरच्या नाट्यचळवळीतून आलेले. त्यांनी चमत्कारापेक्षा दुष्काळात पोळलेला माणूस पुढं आणला. दुष्काळ काय असतो हे इकडच्या माणसाला वेगळं सांगायला नको. प्रभातच्या चित्रपटाला त्यामुळे काही धक्का लागला नाही.

'संत ज्ञानेश्वर' प्रभातनेच १९४० मध्ये काढला. चालती भिंत, वेद बोलणारा रेडा, सगळं त्यात आहे. आपेगाव आणि पैठण ही आमचीच गावं. उद्या कुणी संगणकावर तो रेडा नव्याने घडवला, तर पैठणच्या घाटावर तुलना १९४० च्या रेड्याशी होणार नाही. लहानपणी कीर्तनकाराने नुसत्या हुंकारातून जो रेडा समोर उभा केला होता, त्याच्याशी होईल.