पोलंडचे चरित्र अभिनेते आणि 1982 चा टीव्ही-बहिष्कार : पार्श्वभूमी

पोलंडमध्ये दुय्यम भूमिका करणाऱ्या नटाची घडी अनेक वर्षे ठरलेली होती. सरकारी नाट्यशाळेतून बाहेर पडायचे, सरकारी नाट्यगृहात पगारावर लागायचे आणि सिनेमा, रेडिओ, टीव्हीतून वरची मिळकत करायची. टीव्हीवर नाटके 1953 पासून सुरू झाली, पण घराघरांत ओळख दिली ती मालिकांनी. 1966 ते 1970 या काळात रणगाडा-पथकाची 21 भागांची मालिका आली आणि 1974 मध्ये डोंगरी दरोडेखोर यानोशिकची. पहिलीतला ट्रकचालक विखुरा आणि दुसरीतला दरोडेखोर पिझ्द्रा एकाच नटाने रंगवले. नायक तो कुठेच नव्हता, तरी लोकांनी त्याला डोक्यावर घेतले.

13 डिसेंबर 1981 रोजी लष्करी कायदा लागू झाला आणि टीव्हीवर वृत्तनिवेदक गणवेशात बसू लागले. नटांमध्ये निरोप फिरला : सरकारी टीव्ही आणि रेडिओवर काम करायचे नाही. रंगमंच चालेल, सिनेमाही चालेल. ही सीमारेषा आजही वादाची आहे. नाट्यगृहेही सरकारचीच होती आणि सिनेमाचा पैसाही सरकारचाच. मग एकट्या टीव्हीलाच विटाळ का? बहिष्काराच्या बाजूने दिले जाणारे उत्तर मला पटते : नाटक पाहायला माणूस आपणहून जातो, टीव्ही मात्र त्याच पडद्यावर सरकारचा प्रचार आणि नटाचा ओळखीचा चेहरा एकापाठोपाठ एक घरात आणतो.

प्रेक्षकांनीही साथ दिली. निरोप मोडून टीव्हीवर गेलेला नट रंगमंचावर आला की टाळ्यांचा कडकडाट सुरू व्हायचा, आणि त्याला संवाद म्हणताच येऊ नये म्हणून तो थांबायचाच नाही. काही नट चर्चमध्ये आणि लोकांच्या घरी प्रयोग करू लागले. या साऱ्यात कौतुक नामवंतांच्या वाट्याला आले. पण मोठ्या भूमिका आणि सिनेमाची बोलावणी ज्यांच्याकडे होती, त्यांना नकार तुलनेने सोपा होता. दोन-चार वाक्यांच्या भूमिकांवर घर चालवणाऱ्याने टीव्ही आणि रेडिओ सोडले, म्हणजे महिन्याच्या मिळकतीवरच पाणी सोडले. त्यांचा त्याग मोठा होता, आणि त्याची नोंद फार कमी झाली.

1982 च्या अखेरीस नटांची संघटना बरखास्त झाली आणि बहिष्कारही सैल पडला. एका नव्या इमारतीतल्या रहिवाशांची नऊ भागांची विनोदी मालिका 1986 मध्ये पडद्यावर आली. तिची सारी भिस्त अशाच चरित्र अभिनेत्यांवर होती. पिझ्द्रा साकारणारा नटही त्यात होता.

1989 नंतर खासगी वाहिन्या आल्या आणि लांबलचक कौटुंबिक मालिकांचे युग सुरू झाले. त्यांत आजी-आजोबा लागतातच, त्यामुळे ज्येष्ठ नटांना उतारवयात नियमित काम मिळाले. रणगाड्यांच्या मालिकेतला तो ट्रकचालक 2000 साली सुरू झालेल्या अशाच एका मालिकेत कुटुंबाचा आजोबा झाला आणि 2017 मध्ये मृत्यू येईपर्यंत त्याच भूमिकेत राहिला.