फड पद्धती

खानदेशातील नदीकाठच्या गावांनी स्वतः चालवलेली सामुदायिक सिंचनाची जुनी व्यवस्था. धुळे जिल्ह्यातील पांझरा नदी व तिच्या उपनद्यांचा काठ हे तिचे मुख्य क्षेत्र. आज नाशिक जिल्ह्यात असलेल्या बागलाण-मालेगाव भागात मोसम, आरम आणि गिरणा या नद्यांवरही ती रूढ होती. पद्धती तीनशे ते चारशे वर्षांची मानली जाते. परंपरा तिचा उगम खानदेशच्या फारुकी सुलतानांच्या राजवटीपर्यंत नेते.

हा प्रदेश सह्याद्रीच्या पर्जन्यछायेत येतो. पाऊस पडतो तो पश्चिमेच्या डोंगरात, पिंपळनेरच्या वरच्या अंगाला. खालच्या सपाट काळ्या रानात तो बेभरवशाचा. पण डोंगरातले पाणी याच रानातून वाहत पुढे तापीला मिळते. हे जाते पाणी अडवून, उताराने शेतात वळवण्याची युक्ती म्हणजे फडाचा बंधारा. तो पाणी साठवत नाही, फक्त नदीची पातळी उचलून पाणी पाटात घालतो. नदीवर असे बंधारे एकाखाली एक असतात. वरच्या गावाने वापरून उरलेले पाणी सांडमातून, म्हणजे जादा पाण्याच्या वाटेने, नदीत परतते आणि खालच्या गावाला मिळते.

बंधाऱ्यातून निघणारा कालवा 2 ते 12 किलोमीटर लांब असतो आणि सेकंदाला सुमारे 450 लिटर पाणी वाहून नेतो. कालव्यातून चाऱ्या फुटतात, चाऱ्यांतून शेतापर्यंत जाणारे सारंग. भिजणाऱ्या जमिनीचे सहसा चार मोठे तुकडे पाडलेले असतात. तेच फड. एका फडाचे क्षेत्र 10 ते 200 हेक्टर, सरासरी 100 ते 125 हेक्टर.

एका फडात एका हंगामात एकच पीक, हा या पद्धतीचा गाभा. एका फडात ऊस, दुसऱ्यात गहू किंवा हरभरा, तिसऱ्यात दुसरे एखादे हंगामी पीक आणि एक फड पडीक, अशी मांडणी गाव दरवर्षी ठरवते आणि पुढच्या वर्षी ती फिरते. पीक एकच असल्यामुळे संपूर्ण फडाची पाण्याची गरज एकाच वेळी येते, शेजारच्या उसाचे पाणी हरभऱ्यात शिरत नाही आणि फेरपालटामुळे जमीन चिबड, म्हणजे पाणी मुरून दलदलीची, होत नाही. शेतकऱ्याची जमीन एका जागी नसते, बहुधा प्रत्येक फडात तिची एक पट्टी असते. नदी आटली आणि एखादा फड कोरडा ठेवायची वेळ आली, तर झळ सगळ्यांना सारखी बसते. पाणीवाटपाचे कायदे करणाऱ्यांना जे कलमांतून साधावे लागते, ते इथे जमिनीच्या आखणीतच बसवलेले आहे. या पद्धतीतली सर्वांत मोलाची गोष्ट हीच म्हणावी लागेल.

कारभार लाभधारक शेतकऱ्यांमधून निवडलेल्या पंचांकडे असतो. कोणता फड भिजवायचा, कोणता पडीक टाकायचा, पाट कधी साफ करायचा हे पंच ठरवतात. पाटकरी कालव्याचे पाणी सांभाळतो, हवालदार देखरेख करतो, जागल्या उभ्या पिकाची राखण करतो. प्रत्यक्ष पाणी देतो तो बारेकरी. रात्रीच्या पाळीला तो खांद्यावर फावडे टाकून सारंगाच्या कडेने चालतो, वाफा भरला की चिखलाचा गोळा दाबून त्याचे दार बंद करतो आणि पुढचे दार फोडतो. वाफा कोणाचा, हा प्रश्न त्याच्यापुढे येत नाही. शेतमालकाने स्वतः दारे धरायची नाहीत, हा नियम आहे. त्यामुळे धनिकाचे शेत आधी आणि विधवेचे मागून, असे करायला वावच उरत नाही. या माणसांचा मोबदला पूर्वी धान्याच्या रूपात, भिजलेल्या क्षेत्राच्या प्रमाणात दिला जाई. कालव्यातील गाळ काढायला शेतकरी स्वतः अंगमेहनतीने उतरत.

ही समता मात्र जमीनधारकांपुरतीच होती. पाण्यावरचा हक्क जमिनीला चिकटलेला, म्हणून भूमिहीनांच्या वाट्याला मजुरी आणि राखणदारी आली, पाणी आले नाही. फडाचा गौरव करताना ही बाजू झाकली जाऊ नये.

विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात व्यवस्था खिळखिळी झाली. वरच्या अंगाला पांझरेवर लाटीपाडा, कान नदीवर मालनगाव अशी धरणे झाली. नदीचा बारमाही झरा आता धरणाच्या आवर्तनावर अवलंबून राहिला आणि पंचांना आपल्या बंधाऱ्यात पाणी केव्हा येईल हे ठरवता येईना. विहीर व विजेचा पंप आल्यावर ज्याला परवडले त्याने आपले पीक आपण निवडले. पंचांच्या शब्दाला वजन राहिले ते शेजाऱ्याची गरज होती तोवर. वाळूचा उपसा, वाटण्यांमुळे अरुंद होत गेलेल्या पट्ट्या आणि पुरात फुटलेल्या बंधाऱ्यांची रखडलेली दुरुस्ती यांनीही हातभार लावला. साक्री तालुक्यात पिंपळनेर-सामोडे परिसरात ही पद्धती इतर ठिकाणांपेक्षा अधिक टिकली.

सरकारने धरणे बांधली, पण चारीवरचा बारेकरी कोण, याचे उत्तर दीर्घकाळ दिले नाही. ते शोधण्याचा प्रयत्न म्हणजे ‘महाराष्ट्र सिंचन पद्धतीचे शेतकऱ्यांकडून व्यवस्थापन अधिनियम, 2005’. यात पाणी वापर संस्थेला, म्हणजे लाभधारक शेतकऱ्यांच्या संघटनेला, पाणी घनमापनाने, मोजून मिळते. कोणते पीक घ्यावे याची मोकळीक शेतकऱ्याला असते आणि संचालक मंडळावर कालव्याचा शिरोभाग, मध्य व शेपूट या तिन्ही ठिकाणचे प्रतिनिधी असतात. शेपटाच्या शेतकऱ्याला खुर्ची देण्याची ही तरतूद फडाच्या विचाराशी जुळते. पिकाची मोकळीक मात्र फडाच्या नेमकी उलट आहे, आणि उसाखाली पाणी ओढले जाण्याचा प्रश्न तिथेच उभा राहतो.

शेतकऱ्यांनीच नियम करून चालवलेल्या अशा व्यवस्था इतर विकसनशील देशांतही आहेत. इंडोनेशियात बाली बेटावरील सुबक आणि फिलिपिन्सच्या उत्तर भागातील सांहेरा या त्यांपैकी प्रसिद्ध. सांहेरातही सभासदांचे वाटे वेगवेगळ्या पट्ट्यांत विभागलेले असतात आणि शेपटाकडची जादा जमीन पदाधिकाऱ्यांना मोबदल्यादाखल दिलेली असते, म्हणजे पाणी शेवटपर्यंत पोचवण्यात त्यांचाच स्वार्थ गुंततो. सामाईक साधनांच्या व्यवस्थापनावरील अभ्यासासाठी 2009 मध्ये अर्थशास्त्राचे नोबेल मिळवणाऱ्या एलिनॉर ऑस्ट्रॉम यांनी सांहेराचा दाखला आपल्या मांडणीत वापरला होता.