फुलपाणी सगळ्यात शेवटी: फुलांच्या सुगंधाचं संत्रं-लिंबू फ्रोझन योगर्ट घरी करताना

"अर्धी बाटली ओतली तरी वास येत नाही" आणि "साबण खाल्ल्यासारखं लागतंय". आमच्या नारंगीफूल-पाण्याबद्दल आणि गुलाबपाण्याबद्दल येणाऱ्या तक्रारींपैकी बहुतेक या दोनातच बसतात. एक तक्रार वास कमी असल्याची, दुसरी जास्त झाल्याची. पण कृती विचारून घेतली की दोन्हीकडे तीच गोष्ट निघते: फुलपाणी गरम मिश्रणात पडलेलं असतं. म्हणून हे पत्रक बाटलीसोबत देतो आहोत. बाटली उघडण्याआधी एकदा वाचावं, ही विनंती.

नेमकं काय होतं

साखर, संत्र्याचा रस आणि किसलेली साल एकत्र गरम करायची, पाक दह्यात मिसळायचा, गार करून गोठवायचं, अशी बऱ्याच जणांची पद्धत असते. फुलपाणी पातळ, रसही पातळ, त्यामुळे दोन्ही एकदमच पातेल्यात जातात. सगळं स्वयंपाकघर घमघमतं आणि करणाऱ्याला वाटतं, छान जमलं. पण जो वास घरभर पसरला तो मिश्रणातून निघून गेला, आता तो परत येत नाही.

फुलपाणी बनतं ते वाफेवर. फुलांमधून वाफ सोडायची, ती गार करून तिचं पाणी करायचं. वर तरंगणारं तेल वेगळं काढलं की खाली सुगंध विरघळलेलं पाणी उरतं. कडू नारंगीच्या फुलांचं ते वरचं तेल म्हणजे नेरोली, आणि खालचं पाणी आमच्या बाटलीत. त्यात ९९ टक्क्यांहून जास्त पाणीच असतं, सुगंधाचा अंश अगदी थोडा. ज्या वाफेने तो फुलातून बाहेर काढला, तीच वाफ तो पातेल्यातूनही घेऊन जाते. उकळीच यायला हवी असं नाही, कढत पाकही पुरतो.

पुढचं नुकसान दुसऱ्या दिवशी होतं. मिश्रण फ्रीजमधून काढलं, चाखलं, वास नाही. "काल चार चमचे घातले तरी काहीच नाही" म्हणून हात सैल सुटतो आणि आणखी सहा-आठ चमचे पडतात. आता मात्र मिश्रण गार आहे, काहीच उडत नाही, घातलेलं सगळं आत राहतं. फुलांच्या सुगंधात जे घटक असतात तेच साबणात आणि अत्तरांतही वापरतात, त्यामुळे प्रमाण सुटलं की जिभेला पहिली आठवण साबणाची होते. शिवाय आठ चमचे म्हणजे ४० मिली निव्वळ पाणी जास्तीचं गेलं. तेवढ्यानेही पोत बिघडतो, दाताखाली बर्फाचे कण येतात.

माप आणि कृती

साधारण ८५० ग्रॅम मिश्रणासाठी हे प्रमाण आम्ही सांगतो: सायीच्या दुधाचं दही १ किलो (बांधून साधारण ५०० ग्रॅम चक्का), ताजी साय किंवा २५ टक्के स्निग्धांशाचं क्रीम १०० मिली, साखर १४० ग्रॅम, साधी ग्लुकोज पावडर २५ ग्रॅम, संत्र्याचा रस १५० मिली (आटवून ५०), लिंबाचा रस २० मिली, दोन संत्र्यांची आणि एका लिंबाची किसलेली साल, चिमूटभर मीठ. नारंगीफूल-पाणी १० मिली, किंवा त्याऐवजी गुलाबपाणी १५ मिली. आमच्या बाटलीचं झाकण काठोकाठ भरलं की ५ मिली होतात. झाकण त्याच मापाचं मुद्दाम ठेवलं आहे, म्हणून चमच्याच्या अंदाजाने घालू नका.

दही मलमलच्या फडक्यात बांधून चाळणीवर ठेवा, खाली भांडं, आणि सगळं फ्रीजमध्ये. बाहेर टांगलं तर दही आंबत राहतं आणि लिंबू पडल्यावर आंबटपणा डोक्यावर बसतो. सहा ते आठ तासांत अर्धा लिटरभर निवळी निथळते. तेवढ्याच वजनाच्या साध्या दह्याच्या मानाने चक्क्यात स्निग्धांश जवळपास दुप्पट असतो, प्रथिनंही तितक्याच हिशोबाने वाढलेली. मऊपणा तिथून येतो. ही पायरी गाळून "थोडी साय वाढवली" असं करू नका. साय वाढली तरी निवळीचं पाणी आतच राहतं.

सालीला मात्र वेळ द्या, कारण लिंबूवर्गीय फळांचा खरा सुगंध रसात नसून सालीत असतो. फळं कोमट पाण्यात घासून धुवा, वरून मेणाचा थर दिलेला असेल तर तो निघायला हवा. बारीक किसणीवर फक्त रंगीत भाग किसा. एका जागी किसणी दोनदा फिरली की पांढरा भाग येतो आणि तो कडू असतो. हा कीस थेट साखरेत टाका आणि बोटांनी दोन-तीन मिनिटं चोळा. साखरेच्या कडांनी सालीतल्या तेलाच्या बारीक पिशव्या फुटतात. साखर आधी ओलसर होते, मग ओल्या वाळूसारखी मुठीत धरली तर आकार धरते, आणि रंग फिकट केशरी येतो. झाकून अर्धा तास ठेवा. ज्या कामासाठी पाक गरम करायचा, ते काम इथे विस्तवाशिवाय होतं.

संत्र्याचा रस तेवढा आटवावा लागतो. १५० मिली रस मंद आचेवर ५० मिलीवर आणा आणि पूर्ण गार होऊ द्या. मग चाखून बघा. संत्र्याच्या काही जातींचा रस आटवल्यावर कडवट होतो, काढल्या काढल्या तो गोडच लागतो. कडवट झाला असेल तर टाकून द्या, साखरेने तो कडूपणा झाकला जात नाही. अशा वेळी आटीव रसाशिवाय, नुसत्या सालीवर आणि लिंबावर केलेलंही उत्तम होतं. लिंबाचा रस कच्चाच घालायचा.

आता चक्का, सालीची साखर, ग्लुकोज, मीठ, साय आणि दोन्ही रस एकत्र करून फेटा. साखर बोटांत रवाळ लागेनाशी व्हायला १०–१५ मिनिटं जातात, मध्ये थांबून पुन्हा फेटा. हे मिश्रण किमान चार तास, जमलं तर रात्रभर, फ्रीजमध्ये ठेवा. सालीचे कण नको असतील तर सकाळी गाळून घ्या.

फुलपाण्याची वेळ आता येते, मिश्रण फ्रीजइतकं, म्हणजे साधारण ४ अंशांवर असताना आणि गोठवायला घेण्याच्या तोंडावर. नारंगीफूल असेल तर आधी दीड झाकण घाला आणि ढवळा. चमचाभर मिश्रण बशीत पसरून १५ मिनिटं फ्रीजरमध्ये ठेवा आणि मगच चाखा. थंडीने वास आणि गोडी दोन्ही दबतात, त्यामुळे पातेल्यातून घेतलेला घास खरा अंदाज देत नाही. पातेल्यातलं मिश्रण किंचित जास्त गोड आणि किंचित जास्त सुगंधी वाटायला हवं, बशीतलं बरोबर लागायला हवं. कमी वाटलं तर उरलेलं अर्धं झाकण. एवढी १५ मिनिटं दिली तर बाटली आम्हाला परत पाठवायची वेळ क्वचितच येईल.

फुलांचा मोसम आणि तोडणी बदलते तसा आमच्या प्रत्येक बॅचचा जोर थोडा बदलतो. तो एकसारखा करण्यासाठी आम्ही वरून काहीही मिसळत नाही. म्हणून मागच्या बाटलीचं माप नव्या बाटलीला डोळे मिटून लावू नका, बशीची चाचणी दर वेळी करा.

गोठवणं

आइस्क्रीमचं यंत्र असेल तर त्याचं भांडं उणे १८ अंशांवर पुरते २४ तास गोठलेलं हवं. हलवल्यावर आत पाणी डुचमळल्याचा आवाज आला तर ते अजून तयार नाही. २०–२५ मिनिटांत मिश्रण मऊ, चमच्यावरून सावकाश घसरणारं होतं, तिथे थांबा. घट्ट होईपर्यंत फिरवत राहिलात तर स्निग्धांशाचे लोण्यासारखे कण सुटू शकतात.

यंत्र नसेल तर पसरट स्टीलच्या डब्यात दोन बोटं उंचीइतकंच मिश्रण ओता. पहिली ४५ मिनिटं तसंच राहू द्या, नंतर दर अर्ध्या तासाने कडेचं गोठलेलं मध्ये आणून जोरात फेटा, चार-पाच वेळा. शेवटच्या फेरीला मिक्सरमधून काही सेकंद फिरवलं तर पोत आणखी सुधारतो. दोन्ही पद्धतींत शेवटी डब्यात भरून, पृष्ठभागाला चिकटून बटर पेपर लावून, चार तास ठेवा. खाण्याआधी डबा १०–१५ मिनिटं फ्रीजच्या खालच्या कप्प्यात. एकदम कडक असताना चमचा घातला तर सुगंधही कळत नाही. दहा दिवसांच्या आत संपवा. त्यानंतरही खाण्यालायक असतं, पण फुलाचा वास ओसरायला लागतो, आणि त्यासाठीच तर एवढा खटाटोप.

नेहमीचे प्रश्न

साखर कमी केली तर? दगड होईल. साखर गोडीबरोबर गोठणबिंदूही खाली आणते, म्हणूनच फ्रीजरमध्येही थोडं पाणी न गोठता राहतं आणि चमचा आत जातो. गोडी कमी हवी असेल तर २० ग्रॅम साखर काढून तेवढं ग्लुकोज वाढवा. वजनाला वजन ते जवळपास दुप्पट काम करतं आणि साखरेपेक्षा कमी गोड असतं. मध वापरू नका असं आम्ही सांगतो, कारण त्याचा स्वतःचा वास फुलावर मात करतो.

लिंबाने दही फाटत नाही का? दही आधीच आंबट होऊन जमलेलं असतं, दुधासारखं ते फाटत नाही. फक्त सगळं गार असू द्या.

दह्यातले जिवाणू राहतात का? गरम केलं नाही तर बरेच राहतात. गोठवल्यावर काही मरतात, बाकीचे निपचित पडून असतात.

साबणासारखं झालेलं वाचवता येतं? येतं. फुलपाणी न घालता तेवढंच मिश्रण पुन्हा करा आणि दोन्ही एकत्र करून फेटा. गोठलेलं असेल तर आधी फ्रीजमध्येच वितळवा, मिक्सरमधून काढा, पुन्हा गोठवा. नुसतं लिंबू पिळून भागत नाही.

फुलपाण्याऐवजी सुगंधी तेलाचे दोन थेंब चालतील? नाही. तेल पाण्यात मिसळत नाही, एका घासात सगळं येतं, आणि तोंडात जाणारं तेल किती सौम्य करायचं हा घरच्या अंदाजाचा विषय नव्हे. चेहऱ्याला लावायचं गुलाबपाणीही खाण्यात वापरू नका, बाटलीवर 'खाद्य' असं छापलेलं हवं. सजावटीसाठी विकत आणलेल्या फुलांवर कीटकनाशक मारलेलं असू शकतं, ती वरून पेरू नका.

"घट्ट अर्क का काढत नाही, एका थेंबात काम होईल?" हे आम्हाला नेहमी विचारतात. तसा अर्क पाण्यात विरघळवून ठेवायचा तर त्याला अल्कोहोलचा किंवा दुसऱ्या कशाचा तरी आधार लागतो, आणि एक थेंब जास्त पडला की किलोभर दह्याचं काम वाया जातं. फुलपाण्यात अर्ध्या झाकणाची चूक पोटात घेतली जाते. म्हणून आम्ही फुलपाण्यावरच थांबलो आहोत.

बाटली १०० मिलीचीच आहे, त्यालाही कारण आहे. आत टिकवणारं द्रव्य नाही, त्यामुळे उघडल्यावर ती फ्रीजमध्ये, झाकण घट्ट लावून ठेवायची आणि तीन महिन्यांत संपवायची. वरच्या प्रमाणाने एका बाटलीत नारंगीफुलाचे दहा घाणे होतात, गुलाबाचे सहा. रंगीत काच उजेडापासून जपते, पण शेगडीशेजारच्या फळीवर ठेवली तर काचेचा उपयोग नाही. आत पांढरे धागे तरंगताना दिसले तर बाटली वापरू नका.

पहिल्यांदा करणाऱ्यांसाठी नारंगीफूल आणि गुलाब अशा २० मिलीच्या दोन छोट्या बाटल्यांची जोडीही आमच्याकडे मिळते. आधी अर्ध्या प्रमाणात दोन्ही करून बघा, मग कोणती मोठी घ्यायची ते ठरवा. एवढं करूनही वास आला नाही तर बाटलीच्या बुडाशी छापलेला बॅच नंबर आणि फुलपाणी कोणत्या पायरीला घातलं, हे दोन्ही कळवा. मिश्रण गार असताना घातलं असेल तर बाटली बदलून देतो.