मनकवडेपणा

मनकवडेपणा म्हणजे समोरच्या माणसाचे विचार, हेतू, समजुती आणि भावना त्याने न सांगता ओळखण्याची क्षमता. मराठीत 'मनकवडा' हा शब्द कौतुकाने वापरतात आणि त्यात थोडा चमत्काराचा भावही असतो. प्रत्यक्षात हा अंदाज असतो. तो चेहरा, नजर, आवाजाची पट्टी, प्रसंग आणि जुनी ओळख यांवरून बांधला जातो. दुसऱ्याचे मन दिसत नाही, ते आहे असे धरूनच चालावे लागते. म्हणून मानसशास्त्रात या क्षमतेला 'मनाचा सिद्धांत' म्हणतात. विचार ओळखणे आणि भावना जाणवणे या एकच गोष्टी नव्हेत. फसवणारा माणूस समोरच्याचे मन चांगले ओळखून असतो, पण त्याचे दुःख फसवणाऱ्याला जाणवतेच असे नाही.

बेळगाव, खानापूर, निपाणी या सीमाभागात या क्षमतेला रोजचे काम असते. खडेबाजारातल्या कापडदुकानात गिऱ्हाईक पायरी चढेपर्यंत दुकानदाराला ठरवावे लागते, 'या, काय दाखवू?' म्हणायचे की कन्नडमध्ये 'बर्री, एन बेक्री?' (या, काय हवे?) अंदाज चुकला तर तो त्याच दमात भाषा बदलतो. पण भाषा ओळखली म्हणजे मन ओळखले असे नाही. मनाचा प्रश्न पुढे येतो, गिऱ्हाईक साडीचा पदर दोन बोटांत चोळत 'जरा बघून येतो' म्हणते तेव्हा. त्याला रंग पटला नाही की किंमत, हे त्या तीन शब्दांत कुठेच नसते.

जनावरांच्या बाजारात हे आणखी गुंतागुंतीचे होते. सौदा टॉवेलखाली चालतो. दोघांचे हात कापडाखाली असतात आणि बोटे दाबून आकडा सांगितला जातो. भोवती उभ्या असलेल्यांना फक्त चेहरे दिसतात, आणि तेही मुद्दाम कोरे ठेवलेले. घेणाऱ्याला बैल आवडला आहे हे विकणाऱ्याने ओळखले आहे, हे घेणाऱ्यालाही कळलेले असते. 'त्याला काय वाटतं' यावर 'मला काय वाटतं असं त्याला वाटतं' ही दुसरी पायरी चढते. योसेफ पेर्नर आणि हाइन्झ विमर यांनी 1985 मध्ये दाखवले की साधारण सहा-सात वर्षांच्या मुलांना ही पायरी जमू लागते.

पहिली पायरी त्याआधीची. 1978 मध्ये डेव्हिड प्रेमॅक आणि गाय वुडरफ यांनी सारा नावाच्या चिंपांझीवर प्रयोग करून प्राण्यांना दुसऱ्याचे मन कळते का, असा प्रश्न मांडला. 1983 मध्ये विमर आणि पेर्नर यांनी तोच प्रश्न मुलांच्या बाबतीत एका गोष्टीतून विचारला. मॅक्सी चॉकलेट एका कपाटात ठेवून खेळायला जातो, मागे आई ते दुसऱ्या कपाटात ठेवते. परत आल्यावर मॅक्सी कुठे बघेल? आपल्याकडे ही गोष्ट कुंद्याच्या डब्यावर सांगता येईल. तीन वर्षांचे मूल बहुधा डबा खरोखर असेल ती जागा दाखवते. आपल्याला जे माहीत आहे ते मॅक्सीला माहीत नाही, हे त्याच्या उत्तरात उतरत नाही. चौथ्या-पाचव्या वर्षी ते उतरते. 2005 मध्ये कॅनडा, भारत, पेरू, सामोआ आणि थायलंड इथल्या मुलांच्या एकत्रित अभ्यासातही हा बदल जवळपास एकाच वयात दिसला. प्रश्नाच्या शब्दांनीही फरक पडतो. 'कुठे बघेल?' ऐवजी 'सगळ्यात आधी कुठे बघेल?' असे विचारल्यावर तीन वर्षांची बरीच मुले बरोबर उत्तर देतात, असे 1991 च्या एका अभ्यासात आढळले. मेंदूत या कामाशी उजव्या कानाच्या वरच्या-मागच्या भागाचा संबंध आढळतो.

भाषेचा वाटा मोठा आहे, आणि सीमाभागासाठी तोच सर्वांत मोलाचा मुद्दा. 'तो आजारी आहे म्हणे' या वाक्यातल्या एका 'म्हणे'ने बोलणारा सांगतो की ही माहिती दुसऱ्याची आहे, माझी खात्री नाही. कन्नडमध्ये हेच काम 'अंते' करते. 'येतो म्हणून सांगितलं' यात आधी दुसऱ्याचे बोलणे येते आणि मग ते कोणाचे हे कळते. कन्नडचे 'अंत' तसेच चालते. 'मला वाटलं होतं' एवढे ऐकले की पुढे चूक कबूल होणार हे मराठी माणसाला कळते. अशा वाक्यांवर मुलाचा कान तयार होतो. ऐकू येणाऱ्या आईवडिलांच्या पोटी जन्मलेल्या आणि खुणांची भाषा लवकर न मिळालेल्या बहिऱ्या मुलांना मॅक्सीसारख्या गोष्टी समजायला उशीर होतो. याचे कारण बुद्धीत नाही. मनाबद्दलचे बोलणेच त्यांच्या वाट्याला कमी येते.

दोन भाषांचे काय? रुमानियन आणि हंगेरियन दोन्ही बोलणारी तीन वर्षांची मुले अशा चाचणीत एकभाषी मुलांहून सरस ठरल्याचे आग्नेस कोवाच यांनी 2009 मध्ये दाखवले. यावरून मराठी-कन्नड मुलांबद्दल लगेच निष्कर्ष काढू नये. पण एक गैरसमज मात्र सोडायला हवा. मूल उशिरा बोलू लागले की 'घरात मराठी, बाहेर कन्नड, म्हणून गोंधळलंय' असे सांगितले जाते आणि घरची भाषा बंद केली जाते. दोन भाषांमुळे बोलणे खुंटत नाही. अशा मुलाचा कान आधी तपासायला हवा, आणि आजीशी चाललेल्या त्याच्या गप्पा थांबवू नयेत.

स्वमग्नतेचा (ऑटिझमचा) उल्लेख इथे टाळता येत नाही. 1985 मध्ये सायमन बॅरन-कोहेन, ॲलन लेस्ली आणि उटा फ्रिथ यांच्या प्रयोगात 20 स्वमग्न मुलांपैकी 16 जणांना मॅक्सीसारख्या गोष्टीचे बरोबर उत्तर देता आले नाही. त्यातून 'या मुलांना दुसऱ्याचे मन कळत नाही' असे सरसकट बोलले जाऊ लागले. ते अन्यायाचे आहे; चौघांनी उत्तर बरोबर दिले होते. स्वतः स्वमग्न असलेले संशोधक डेमियन मिल्टन यांनी 2012 मध्ये मांडले की न कळणे दोन्ही बाजूंनी असते: इतरांनाही स्वमग्न माणसाचे मन वाचता येत नाही, फक्त त्याला कोणी दोष म्हणत नाही.

मोठ्यांचा आत्मविश्वास मात्र क्षमतेहून बराच मोठा असतो. 1990 मध्ये एलिझाबेथ न्यूटन यांनी काही जणांना ओळखीच्या गाण्यांची लय टेबलावर वाजवायला लावली. ऐकणारे निम्मी गाणी ओळखतील असे वाजवणाऱ्यांना वाटले. 120 पैकी ओळखली गेली 3. वाजवणाऱ्याच्या डोक्यात गाणे चालू असते, ऐकणाऱ्याला फक्त टकटक ऐकू येते. 2018 मध्ये एयाल, स्टेफेल आणि एप्ली यांनी 25 प्रयोगांतून दाखवले की 'स्वतःला त्याच्या जागी ठेवून' पाहिल्याने अंदाज अचूक होत नाही. त्या माणसालाच विचारल्याने होतो.

दवाखान्यात हा फरक डोळ्यांसमोर दिसतो. खानापूरकडची म्हातारी मराठीत ठणका, कळ, चमक, चुरचुर असे वेगवेगळे सांगते. सोबतचा नातू कन्नड बोलणाऱ्या परिचारिकेला या सगळ्यांसाठी 'नोवु' हा एकच शब्द देतो. 'आता बरं आहे का?' विचारले की ती 'बरं हाय' म्हणते, आणि पदराचे टोक मुठीत घट्ट धरलेले असते. परिचारिका ती मूठ बघते. मग नातवाला बाजूला बसवून आपल्या मोडक्या मराठीत विचारते, 'आजी, कुठं दुखतं, हात लावून दाखवा.' आजी हात बरगडीखाली नेते आणि तिथेच ठेवते.